सदाशिव पेठेवरचा पेंगढग

पेंगढग दुपारी एक वाजता उतरतो असं मानणारे लोक बाहेरगावचे. तो पावणेएकलाच उतरलेला असतो. एक वाजता उतरतं ते दुकानाचं शटर. हा ढग झोपेतल्या पुण्याचा. जागेपणीच्या पुण्यात हवामान खात्याचं शिवाजीनगरचं सिमला ऑफिस १९२८ पासून आभाळावर नजर ठेवून आहे, पण तिथल्या नकाशावर हा दिसायचा नाही. कारण तो वरून येत नाही, ताटातून वर चढतो.

म्हणजे लोक तसं म्हणतात, आणि ते अर्धंच खरं आहे. एक ते तीनच्या सुमारास शरीराच्या घड्याळातच एक खड्डा असतो. निर्जळी एकादशी केलीत तरी त्यात पाय जायचा तो जातोच. शिवाय सकाळी उठल्यापासून मेंदूत ॲडिनोसिन नावाचं झोप आणणारं द्रव्य साचत आलेलं असतं, त्याची भर. जेवण तो खड्डा फक्त खोल करतं. नुसता वरणभात असेल तर घोट्यापर्यंत. मसालेभात, अळूची भाजी आणि वर मठ्ठा असेल तर गुडघ्यापर्यंत. श्रीखंड-पुरी असेल तर बाहेर यायला शिडी लागते. आळ मात्र सगळे श्रीखंडातल्या जायफळावर घेतात. ते बिचारं चिमूटभर. आधीच्या नऊ पुऱ्यांचं कुणी नाव काढत नाही.

ढगात शिरल्याची पहिली खूण जांभई नव्हे. एकच ओळ तीनदा वाचून तिसऱ्यांदा ती पटायला लागणं, ही पहिली खूण. मग मान. पेंगणारी मान खाली जाते सावकाश आणि वर येते झटक्याने. खऱ्या होकारात दोन्ही वेग सारखे असतात. हिंजवडीच्या दुपारच्या मीटिंगांत साहेब लोकांनी एवढं बघितलं तरी बरेच प्रकल्प मंजूर व्हायचे वाचतील. बसल्या बसल्या पेंगण्याला चरकसंहितेत ‘आसीनप्रचलायित’ असं भारदस्त नाव आहे, आणि ते रूक्षही नाही, जडही नाही, असं प्रमाणपत्रही. दिवसा आडवं होऊन झोपायची मोकळीक मात्र तिथे निरोगी माणसाला प्रामुख्याने उन्हाळ्यात. पेठांनी त्यावरून पुण्यात बारमाही उन्हाळा असतो असा निष्कर्ष काढलेला दिसतो.

ढगाच्या आत गेलं की लकडी पूल पुन्हा लाकडाचा झालेला असतो, पेशव्यांच्या काळी होता तसा. आणि त्यातली एक फळी हमखास गायब. तिथेच पाय पडतो, सगळं अंग दचकतं आणि शेजारी बसलेल्या माणसाला कोपर लागतं. घाबरण्यासारखं काही नाही. झोप लागताना स्नायू सैलावतात, त्या वेळी असा हिसका पुष्कळांना बसतो. पीएमपीच्या बसमध्ये मात्र आधी सॉरी म्हणावं, कारण नंतर सांगावं.

या ढगाशी भांडू नये, असं माझं स्पष्ट मत आहे. त्याला वीस मिनिटं द्यावीत आणि मोकळं व्हावं. आधी अर्धा कप कडक चहा प्यायचा, आणि मग आडवं व्हायचं. उलट वाटतं, पण चहातल्या कॅफिनला कामाला लागायला वीस-तीस मिनिटं लागतात. एस.टी.च्या खिडकीतून सीटवर रुमाल टाकतात ना, तसं ते ॲडिनोसिनच्या जागा अडवून बसतं. तुम्ही उठायला आणि रुमाल पडायला गाठ पडते. आडवं व्हायचं ते सतरंजीवर, गादीवर नाही. गादी माणसाला सोडत नाही. कूस डावी. वामकुक्षीतला वाम तोच. जठराचा मोठा भाग डावीकडे असतो, त्या कुशीवर पडलं की आंबट पाणी घशाशी येण्याची शक्यता कमी. गजर पंचवीस मिनिटांचा, आणि फोन हात पोचणार नाही इतका लांब, शक्यतो फडताळात.

फसतं ते ‘आणखी पाचच मिनिटं’ने. अर्ध्या तासानंतर झोप गाढ होत जाते, आणि पाऊण-एक तासावर कुणी उठवलं तर माणूस उठतो, डोकं मागे राहतं. संध्याकाळी पाच वाजता ब्रशवर पेस्ट लावून आरशासमोर उभे असलेले गृहस्थ पेठेत अनेक घरांत सापडतील. झोपायचंच असेल तर मग सरळ दीड तास झोपावं, साधारण एक फेरा पुरा होतो. मधल्यामध्ये उठणं सगळ्यात वाईट, आणि कुरिअरवाला नेमका मधल्यामध्येच येतो.

“अहो, उठा, चहा टाकलाय.”

“झोपलोय कुठे? नुसता डोळे मिटून पडलोय.”

“मग घोरत कोण होतं?”

याला उत्तर नाही.

उरला प्रश्न, आपण ढगाबाहेर आलो की अजून आतच आहोत, हा. स्वप्नात लिहिलेला मजकूर सहसा स्थिर राहत नाही; नजर फिरवून पुन्हा वाचला की बदललेला असतो. त्यासाठी पुण्याइतकी सोयीची दुसरी जागा नाही, कारण वाचायला प्रत्येक दारावर काहीतरी असतंच. ‘दुपारी १ ते ४ बेल वाजवू नये. वाजवल्यास दार उघडेल, पण तुमच्यासाठी नाही.’ एकदा वाचा, नजर जिन्याकडे न्या, पुन्हा वाचा. तोच अपमान, त्याच अनुस्वारांसकट दिसला तर तुम्ही जागे आहात. निर्धास्त कामाला लागा. आणि त्याच जागी ‘या, बसा, पाणी आणू?’ असं दिसलं तर हलू नका. अजून आतच आहात.