संकलक पटकथा लिहितो तेव्हा : एका फिरत्या संदेशाला उत्तर

मराठवाड्यातील नाटक-सिनेमाच्या नादी लागलेल्या मुलांच्या गटांत सध्या एक संदेश फिरतो आहे. त्याचा आशय असा : चित्रपटाचे संकलन (एडिटिंग) म्हणजे दिग्दर्शक सांगेल तशी कापाकापी, लेखनाशी तिचा संबंध नाही, दोन्ही करू जाणाऱ्याचे 'एक ना धड, भाराभर चिंध्या' होते, दिग्दर्शक हृषिकेश मुखर्जींचे नावही संकलन सोडल्यावरच झाले, यात पैसा नाही, आणि हे सारे मुंबई-पुणेकरांचे उद्योग असल्याने जालना-परभणीच्या मुलाने त्यात पडू नये.

मुखर्जींचे उदाहरण तर संदेशाच्याच अंगावर उलटते. 'दो बिघा जमीन' (१९५३) या बिमल रॉय यांच्या चित्रपटाची पटकथाही त्यांची आणि संकलनही त्यांचेच. १९५७ साली 'मुसाफिर'द्वारे ते दिग्दर्शक झाले. पण त्यानंतर आलेल्या 'मधुमती'च्या संकलनासाठी त्यांना फिल्मफेअर मिळाले, १९६५च्या मल्याळम 'चेम्मीन'च्या संकलनात त्यांचा हात होता, आणि 'चुपके चुपके', 'गोलमाल' होऊन गेल्यावरही १९८३च्या 'कुली'चे संकलन त्यांनीच केले. मग त्यांनी ते सोडले तरी कधी?

'आनंद'साठी (१९७१) त्यांना कथा आणि संकलन अशी दोन्ही फिल्मफेअर पारितोषिके मिळाली. संवाद गुलजारांचे, पटकथेतही इतरांचा वाटा होता, हे मान्य. आजारी नायक आनंद वाचणार नाही, हे प्रेक्षकाला आरंभीच कळते. म्हणजे 'पुढे काय' हे कुतूहल लेखकाने स्वतःच टाकून दिले आहे. मग शेवट कशावर उभा राहतो? आधी एका हलक्याफुलक्या प्रसंगात दोघा मित्रांचे आवाज टेपरेकॉर्डरवर घेतले जातात, आणि तो प्रसंग आपण विसरूनही जातो. शेवटी निष्प्राण आनंदपुढे त्याचा मित्र भास्कर 'बोल' म्हणून आक्रोश करतो, फीत फिरत असते, आणि गेलेल्या माणसाचा आवाज खोलीत घुमतो. तो आवाज दोन क्षण आधी आला असता तर प्रसंग भडक झाला असता, फार उशिरा आला असता तर विरला असता. टेपरेकॉर्डर कथेत आधी पेरणे हे लेखकाचे काम आणि त्या थांब्याची लांबी ठरवणे हे संकलकाचे. पण यातले एक दुसऱ्यावाचून निरुपयोगी आहे, आणि म्हणूनच दोन्ही जाणणाऱ्याला ते अधिक नेमके साधते.

'कापाकापी' म्हणणाऱ्याने आपल्याकडच्या लग्नाच्या शूटिंगचे मिक्सिंग, म्हणजे संकलनच, करणाऱ्या मुलाशेजारी तासभर बसावे. हळद किती दाखवायची, मुलीच्या पाठवणीत बापाचा चेहरा आधी घ्यायचा की मुलीचा, मामांची नाराजी ओढवणार असली तरी त्यांचे लांबलेले भाषण काढायचे का, हे सारे तोच ठरवतो. कथनाचेच निर्णय आहेत हे, भले तो त्यांना तसे म्हणत नसेल.

'भाराभर चिंध्या' हा आक्षेप फार वेळ घेण्याजोगा नाही. 'सत्या'च्या (१९९८) संकलकांपैकी एक असलेले अपूर्व असरानी पुढे 'शाहिद'चे सहलेखक व संकलक झाले, आणि 'अलीगढ'चे लेखन व संकलन दोन्ही त्यांनी केले. राजकुमार हिरानी नागपूरचे. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ते संकलनच शिकले, आणि '३ इडियट्स'च्या (२००९) पटकथेत अभिजात जोशींबरोबर त्यांचे नाव आहे, तसे संकलनातही आहे.

राहिला गावाचा मुद्दा. चंद्रकांत कुलकर्णी आणि प्रशांत दळवी यांची 'जिगीषा' ही नाट्यसंस्था औरंगाबादेतच उभी राहिली. अजिंठा-वेरूळच्या नावाचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव आज त्याच शहरात, म्हणजे छत्रपती संभाजीनगरात, भरतो. व्यवसायासाठी पुढे मुंबई गाठावी लागते, हे खरे. पण शिकायला सुरुवात करण्यासाठी ती गाठावी लागत नाही.

संदेशात एकच गोष्ट रास्त आहे, ती म्हणजे पैशांची. सहायक संकलकाची सुरुवातीची वर्षे ओढाताणीची जातात आणि नव्या पटकथाकाराचे मानधन अनेकदा थकते. त्यामुळे लग्नसराईतले मिक्सिंगचे काम हातचे सोडू नये, एवढा सल्ला त्या संदेशाने दिला असता तर त्याला उत्तर देण्याची गरजच पडली नसती.