‘नुसता कॅमेरा हलवलाय’ म्हणणाऱ्या वाचकास

‘तेत्सुओ’ या चित्रपटाचा जपानी दिग्दर्शक शिन्या त्सुकामोतो याच्यावरच्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत: “‘तेत्सुओ’ म्हणजे पैसे नव्हते म्हणून कॅमेरा गदागदा हलवलाय. मोबाइल असलेलं कुठलंही पोरगं हे करेल. गोष्ट नाही, शेवट ताणलाय. लेखक महाशय मात्र भारावलेत.”

मतभेद खुशाल असावेत. पण ‘महाशय’ कशाला? लेख पटला नाही एवढं सरळ म्हणता आलं असतं.

शेवटची झटापट लांबते, मान्य. 67 मिनिटांतून थोडी कापली असती तरी चाललं असतं.

आता ‘हलवलेला’ कॅमेरा. माणसं रस्त्यावरून सुसाट जातात ती दृश्यं एकेक फ्रेम, म्हणजे फिल्मवरचं एकेक स्थिर चित्र, थांबून टिपलेली आहेत. नट उभा राहतो, एक फ्रेम. वीतभर सरकतो, पुन्हा एक. सेकंदाला 24 फ्रेम, म्हणजे पडद्यावरच्या दहा सेकंदांसाठी 240 वेळा थांबणं आलं. प्रत्येक जागी दोन फ्रेम घेतल्या तरी 120 वेळा. 16 मिमी रुंद फिल्मच्या 100 फुटी रिळात साधारण 4000 फ्रेम, जेमतेम पावणेतीन मिनिटं. मध्येच ढग आला की दृश्य लुकलुकतं. पाऊल रेषेबाहेर पडलं की नट सरकत जाण्याऐवजी उड्या मारतो. धातूच्या सोंगासाठी नटाच्या अंगावर चिकटवलेला पत्रा घामाने सुटला आणि बोटभर खाली लागला, तर आधीच्या फ्रेमशी जुळत नाही. आणि हे सगळं कळतं फिल्म धुऊन आल्यावर! मी स्वतः 16 मिमीवर एकेक फ्रेम टिपलेली आहे. आपण काय केलंय ते कळवा, मग पोरांच्या गोष्टी करू.

कृष्णधवल फिल्मसुद्धा नुसती काटकसर नव्हे. तार, पत्रा, रबर, रंग ही रंगीत फिल्मवर चार वेगळी सोंगं दिसतात. कृष्णधवलमध्ये त्यांचा एकच धातू होतो.

तंगी होतीच, कोण नाकारतंय? 1989 च्या त्या चित्रपटात केई फुजिवाराने अभिनय केला, कॅमेराही सांभाळला, चित्रीकरणाला स्वतःचं घर दिलं. लेखन, दिग्दर्शन, संकलन आणि खलनायक त्सुकामोतोच. पण शैली तंगीतून आली असती तर तंगीबरोबर गेली असती. ‘ए स्नेक ऑफ जून’ 2002 चा. तोवर त्याने रंगीत चित्रपट केले होते, तरीही हा निळसर एकरंगी ठेवला, आणि व्हेनिस चित्रपट महोत्सवात परीक्षकांचा विशेष पुरस्कार मिळवला.

गोष्ट नाही म्हणता. नोकरदार माणूस एकाला गाडीखाली घेतो, मग त्या नोकरदाराच्याच शरीरातून लोखंड उगवू लागतं. आणखी काय हवं होतं, गाणी?

पुन्हा बघणार असाल तर आवाज नीट लावा. चू इशिकावाचं संगीत धातूच्या ठोक्यांवर उभं आहे आणि मोबाइलच्या स्पीकरवर त्याची नुसती खरखर होते. तुम्ही तीच ऐकली असावी, असा माझा दाट संशय आहे.