रंगपटातले तीस सेकंद

वेंगुर्ल्याजवळच्या आमच्या गावाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर महिनाभर एकच वाद चाललाय: जत्रेतल्या दशावताराचं, म्हणजे आमच्याकडच्या रात्रभर चालणाऱ्या लोकनाट्याचं, मोबाइलवर शूटिंग करू द्यायचं की नाही. कुणी म्हणतं, यूट्यूबमुळेच तर मुंबईची पोरं नाटक बघायला लागली. कुणाला ट्रिकसीनपासून, म्हणजे रंगमंचावरच्या चमत्कारांच्या करामतींपासून, सगळंच नवं नकोय. मी बर्लिनहून वाचतो आणि बहुतेक वेळा गप्प राहतो, कारण काडी माझ्याच मोबाइलने टाकली.

पडद्यावर दिसणारा माणूस नक्की कोण, या प्रश्नावर इकडच्या म्युझियममध्ये खोल्याच्या खोल्या भरलेल्या असतात. व्हिडिओ-कलाकार नाम जून पाइकने १९७४ मध्ये बुद्धाची मूर्ती टीव्हीसमोर बसवली आणि तिच्यावर कॅमेरा रोखला. तेव्हापासून बुद्ध स्वतःकडेच बघत बसलाय. अमालिया उल्मन या कलावंत बाईने २०१४ मध्ये काही महिने इन्स्टाग्रामवर एका मुलीचं आयुष्य रंगवलं, खोट्या शस्त्रक्रियेसकट, आणि मग सांगून टाकलं की हे नाटक होतं. लोक खरं मानून बसले होते. मला ही कामं आवडतात. पण अंधाऱ्या खोलीतल्या बाकावर हेडफोन लावून माणसं दोन मिनिटं टेकतात नि उठतात. आमच्याकडे पहाटेपर्यंत मांडी मोडत नाही, आणि तिकीटही नसतं.

ग्रुपवर मी तोंड उघडलं ते एकदाच. लिहिलं, की १८९८ मध्ये दोन फोटोग्राफरांनी रात्री घुसून बिस्मार्क या जर्मन नेत्याच्या मृतदेहाचा फोटो काढला, त्यावरून गदारोळ झाला, आणि १९०७ पासून जर्मनीत माणसाच्या संमतीशिवाय त्याचं चित्र सहसा पसरवता येत नाही. मोठा चुलतभाऊ लगेच उतरला: "थंय बसान कायदो शिकव नको." बरोबरच होतं त्याचं. कायदा आपल्याकडेही आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात १९९४ मध्ये कलावंतांच्या हक्कांची तरतूद झाली. कलावंताच्या व्याख्येत नट, गायक, नर्तक तर आहेतच, गारुडीही आहे.

पण माझ्या क्लिपमध्ये प्रयोग नव्हताच.

गेल्या जत्रेत मी देवळामागच्या रंगपटात, म्हणजे नट जिथे रंगतात त्या जागेत, डोकावलो. पेटाऱ्याला आरसा टेकवून कंपनीतले स्त्रीपार्टी करणारे काका बसले होते. एका गालाला रंग लागलेला, दुसरा कोरा. लुगडं नेसून झालेलं, केस अजून स्वतःचे, बोटांत विडी. आख्यान तासाभरापूर्वीच ठरलेलं, त्यामुळे ओठांतल्या ओठांत संवाद जुळवणं चाललेलं. मला ते फार सुंदर वाटलं. तीस सेकंद घेतले आणि ऑनलाइन टाकले. आठवड्याभरात कुणीतरी त्याला सिनेमाचं गाणं लावलं, खाली नको ते लिहिलं. मी माझी क्लिप काढली, पण बाकीच्या फिरतच राहिल्या. उल्मनला शेवटी "हे नाटक होतं" म्हणता आलं. या माणसाने कुणाला काय सांगायचं?

शेवटी फोन केला, माफी मागायला. काका चिडतील असं वाटलं होतं. विडीचा झुरका ऐकू आला, मग म्हणाले, "नाटक काढलं आसतंस तर माका काय नाय. रंगवताना कित्याक काढलंस? तेवा मी कोणच नसतंय."