पाणंदीतला रिव्हर्स

इंग्लंडात गाव संपलं की एक गोल पांढरी पाटी लागते, तिच्यावर काळी तिरकी रेघ. अर्थ असा, की आता ताशी 60 मैलांपर्यंत हाणा. म्हणजे 96 किलोमीटर! आणि रस्ता? आमच्या गुहागरकडची पाणंद यापेक्षा ऐसपैस.

स्विंडनहून आत्याला बायबरी दाखवायला निघालो होतो. एकोणिसाव्या शतकातल्या विल्यम मॉरिस या कवी-कलाकारानं या गावाला इंग्लंडातलं सर्वांत सुंदर गाव म्हटलं, तेव्हापासून सगळं जग तिथं लोटतं. गर्दी चुकवायची म्हणून मी शहाणपणानं आतल्या वाटेला गाडी घातली.

"अरे, हे तर गडगे!" आत्या हरखली. खरंच, दोन्ही बाजूंना सिमेंटचा थेंब न लावता दगडावर दगड. आपला जांभा, त्यांची पिवळसर चुनखडी, एवढाच फरक.

वळणावर ट्रॅक्टर उभा ठाकला. गाड्यांनी एकमेकींना वाट द्यावी म्हणून इथं मध्येमध्ये रस्त्याला पोट काढलेलं असतं. ते माझ्या मागं होतं, बरंच मागं.

पुण्यात असतो तर एव्हाना चार हॉर्न आणि सहा सल्ले मिळाले असते. इथं ट्रॅक्टरवाल्यानं इंजिन बंद केलं आणि शांतपणे सँडविचची पुडी सोडली. या सभ्यतेनं माझे हातपाय गळाले. तिसऱ्या प्रयत्नात डावा आरसा गडग्याला भेटून मिटला.

शेवटी आत्या पदर खोचून उतरली. "येऊ दे, येऊ दे... बस्स! आंधळा आहेस का रे?" मला दिशा दाखवता दाखवता तिचा हात कडेच्या झुडपात गेला आणि किंकाळी आली. इथल्या नेटलचा पाला हुबेहूब खाजकुइलीचा भाऊ.

ट्रॅक्टर गेला. जाताना त्यानं स्टिअरिंगवरून एक बोट उचललं.

"बोट काय दाखवतो मेला?"

"आभार मानतोय, आत्या."

"एवढ्यात भागवतात?"

बायबरीत अर्लिंग्टन रोची घरं पाहिली. 1380 साली मठाची लोकर ठेवायला बांधलेली वखार, सतराव्या शतकात विणकरांची बिऱ्हाडं झाली. लोक फोटो काढत होते. आत्या हात खाजवत होती.

परत निघताना तिनं विचारलं, "त्याच वाटेनं?"

"हो."

"मग आत्तापासूनच उलटी ने. कुणी समोर आलं, तर निदान सरळ तरी जाशील."