वाड्याला पायऱ्या किती?

आज मंडळाच्या जेवणात एक काका म्हणाले, "सगळ्या बे एरियात (म्हणजे आमच्या सॅन फ्रान्सिस्कोच्या परिसरात) चिनी घुसलेत." टेबलावरचे चार जण हसले. माझा घास घशाखाली उतरेना.

घुसलेत? अहो, इथल्या सिएरा नेवाडा डोंगररांगेचा कातळ सुरुंग लावून कोणी फोडला? 1869 ला पुरी झालेली, अमेरिकेचा पूर्व-पश्चिम भाग जोडणारी ती रेल्वे, तिचा पश्चिमेकडचा भाग हजारो चिनी मजुरांनी बांधला. बक्षीस काय, तर 1882 चा कायदा! चिनी मजुरांना देशात बंदी. ती उठली 1943 ला, तीही वर्षाला 105 माणसांपुरती. 105!

आई इकडे आली होती तेव्हा तिला सॅन फ्रान्सिस्कोच्या खाडीतल्या एंजल आयलंड बेटावर नेलं होतं. 1910 ते 1940 मध्ये बोटीने येणाऱ्या चिन्यांना चौकशीसाठी तिथे डांबायचे, कुणाला आठवडे, कुणाला महिने. लाकडी भिंतींवर त्यांनी कोरलेल्या कविता अजून आहेत. अधिकारी विचारायचे, गावच्या घराला पायऱ्या किती? तांदूळ कुठे ठेवता? मग तेच प्रश्न इथल्या नातेवाइकाला. उत्तरं जुळली नाहीत तर परतीची बोट.

मी आईला सहज विचारलं, मिरजेच्या वाड्याला पायऱ्या किती गं? म्हणाली, सात. तिथूनच मामाला फोन लावला. मामा म्हणाला, नऊ! सख्खी भावंडं, त्याच पायऱ्यांवर खेळून मोठी झालेली.

हो, इथल्या चिन्यांचे मुलगे असल्याचे खोटे कागद करून आले बरेच जण, मान्य. पण खऱ्या मुलांनाही पाठांतर करूनच यावं लागायचं ना? आई-मामा तर खरे होते, तरी नापासच झाले असते. आणि 1917 ला हेच दार आपल्या लोकांनाही बंद झालं, हे आपण सोयीस्कर विसरतो.

काका मनाने वाईट नाहीत. मी आजारी होते तेव्हा काकू रोज डबा पाठवायच्या, काका स्वतः आणून द्यायचे. म्हणून तर जास्त लागलं.

वाँग किम आर्क नावाचा एक स्वयंपाकी होता, सॅन फ्रान्सिस्कोत जन्मलेला. 1895 ला चीनहून परतला तर त्याला उतरूच देईनात. तो कोर्टात गेला, आणि 1898 ला सुप्रीम कोर्टाने, आईबाप चिनी असले तरी तो जन्माने अमेरिकन असल्याचा निकाल दिला. काका, तुमचा नातू फ्रीमाँटला जन्मला तेव्हा त्याचे आईबाबा एच-वनवर, म्हणजे नोकरीच्या तात्पुरत्या व्हिसावर होते. त्याचा निळा पासपोर्ट त्या निकालाच्या जोरावर आहे.

तुम्ही हे वाचाल, मला माहीत आहे. राग आला तर फोन करा, पण त्या टेबलावर पुन्हा असं बोलू नका.