तथास्तु थिअरी घरच्या घरी कशी वापराल

तुम्ही अजून वास्तवाच्या भरवशावर आहात का? मग तुमचं अवघड आहे. म्हणजे पगार वाढावा म्हणून मान मोडून काम करणं, पोरगं हुशार व्हावं म्हणून त्याला अभ्यासाला बसवणं, असले जुने प्रकार चालू असतील तर आधी बंद करा आणि ही थिअरी समजून घ्या. नवीन काही नाहीये, तुमच्या आजीला पाठ होती. घरात कोणी वाकडं बोललं की ती लगेच म्हणायची, असं बोलू नये रे, वास्तू तथास्तु म्हणते. झालं, एवढीच थिअरी. घरात एक अदृश्य साहेब बसलाय आणि तुम्ही जे बोलाल त्यावर तो न वाचता सही ठोकतो. आता आजीने याचा उपयोग काय केला तर आपली तोंडं बंद ठेवली, हा तिचा भोळेपणा. न वाचता सही मिळतेय म्हटल्यावर माणसाने अर्जावर अर्ज टाकायला नकोत का?

पुरावा पाहिजे तर सत्यनारायणाच्या पोथीतला चौथा अध्याय काढा, तोच जो गुरुजी भरभर उरकतात आणि आपण तेव्हा प्रसादाच्या शिऱ्यात केळं नीट पडलंय का ते बघत असतो. साधू वाणी भरली होडी घेऊन घरी निघालाय, वाटेत दंडी संन्यासी विचारतो, काय आहे रे होडीत? याला वाटतं हा आता पैसे मागणार, म्हणून हसून सांगतो, काही नाही हो महाराज, वेली आणि पानं. संन्यासी म्हणतो, बरं, तुझं बोलणं खरं होवो. थोड्या वेळाने बघतो तर होडी हलकी होऊन वर आलेली, आत सगळा पाला, आणि वाणी जागच्या जागी बेशुद्ध. लोक यातून खोटं बोलू नये असं काहीतरी शिकतात. अहो, वाण्याचं चुकलं कुठे तर त्याने माल असताना पाला सांगितला. पाला असताना माल सांगायचा असतो!

हे ज्यांना वेळेत कळलं ते दलाल स्ट्रीटवर होते. शेअर ब्रोकर हर्षद मेहताची तर रीतसर थिअरीच होती, की कंपनीचा नफा कशाला बघताय, तसाच कारखाना आज नव्याने उभारायला किती खर्च येईल ते बघा आणि त्यावरून शेअरचा भाव लावा. ऐकायला किती हुशार वाटतं ना. एसीसी या सिमेंट कंपनीचा शेअर साधारण २०० रुपयांवरून ९,००० च्या आसपास गेला, सिमेंट मात्र तेच, गोणीसुद्धा तीच. आणि पैसा यायचा बँकांकडून, कारण बँका मेहतासारख्या ब्रोकरमार्फत एकमेकींना सरकारी रोखे विकायच्या तेव्हा रोखे हातात न देता नुसती पावती द्यायच्या, रोखे आहेत हो, देतो नंतर, आणि काही पावत्यांच्या मागे रोखे नव्हतेच मुळी. आपल्या बँक ऑफ कराडनेही अशा पावत्या दिल्या होत्या, म्हणजे मराठी माणूस मोठ्या उलाढालीत मागे असतो हे कोणी म्हणू नये. तथास्तु, तथास्तु, तथास्तु. मग २३ एप्रिल १९९२ ला सुचेता दलाल यांनी पेपरात बातमी छापली, म्हणजे थोडक्यात होडीत वाकून बघितलं, आणि पाला निघाला. बँक ऑफ कराड गुंडाळावी लागली. म्हणून सांगतो, होडीजवळ पत्रकार फिरकू देऊ नका.

दुसरी काळजी गर्दीची. एकट्याने सांगितलं तर लोक थापा म्हणतात, रांग लावली की त्याचंच वास्तव होतं. २१ सप्टेंबर १९९५ आठवा, गणपती दूध प्यायला तो दिवस. शास्त्रज्ञ बिचारे रंगीत दूध घेऊन आले आणि दाखवलं की पृष्ठताणामुळे दूध चमच्यातून ओढलं जातं आणि मूर्तीवरून पातळ ओघळ होऊन खाली जातं, ज्यांच्या पायाखाली चिकचिक होती त्यांना ते दिसतही असणार. पण मला सांगा, जो माणूस तासन् तास रांगेत उभा राहिलाय, मागून लोक ढकलतायत, चमचा धरून हात भरून आलाय, तो घरी येऊन "नाही प्यायला" असं सांगेल का? त्याने वेळ घातलाय, आता गणपतीला दूध प्यावंच लागेल.

घरगुती वापर सोपा आहे. मुलगा काही करत नसेल तर "यूपीएससी करतोय" असं सांगायला लागा. पुण्यात पेठेत एक कॉट भाड्याने घेऊन द्या, चारपाच वर्षं कोणी काही विचारत नाही, उलट सोसायटीतले लोक त्याला आतापासूनच साहेब म्हणतात आणि रेशन कार्डाचं काम सांगून ठेवतात. फक्त वीजबिल भरणाऱ्या खिडकीवर हा प्रयोग करू नका, तिथे वास्तू तथास्तु म्हणत नाही, शिक्का लागतो.

आणि हात बसला की मग लोअर परळला जाऊन मास्तर लोकांचं काम बघून या. १८ जानेवारी १९८२ ला तिथल्या आणि आसपासच्या गिरण्यांचा संप सुरू झाला, अडीच लाखांच्या आसपास कामगार, आणि तो संप रीतसर मागे घेतलाच गेला नाही. म्हणजे कागदोपत्री ती माणसं अजून संपावर आहेत आणि गिरणीतल्या त्यांच्या खात्याच्या जागेवर कोणीतरी एकविसाव्या मजल्यावर योगा करतंय. पण एवढे मोठे टॉवर बांधून पत्त्यात "लोअर" कसं चालेल, म्हणून बिल्डर आणि ब्रोकर लोकांनी त्याचं अप्पर वरळी करून टाकलं. कसलं गॅझेट आणि कसली हरकत-सूचना, नुसतं सांगत राहिले, घेणारे मान डोलवत राहिले, आणि भाव त्या नावाला शोभेल असा झाला. पश्चिम रेल्वे तेवढी अजून ऐकत नाही, स्टेशनच्या पाटीवर लोअर परळच आहे, पण अप्पर वरळीचे लोक ट्रेनने येत नाहीत त्यामुळे काही अडत नाही. तुम्हीही तिथे फ्लॅट घेतलात तर पत्रिकेवर, लिंक्डइनवर, पाहुण्यांना, सगळीकडे बिनधास्त अप्पर वरळी सांगा. फक्त मे महिन्यात पाण्याच्या टँकरवाल्याचा फोन आला की लोअर परळ सांगा, गिरणीचं नाव पण सांगा, नाहीतर तो वरळी नाक्यावर जाऊन तासभर उभा राहील.