मार्गारेट रदरफोर्ड यांची कारकीर्द सत्तरीत सुरू झाली नव्हती

ब्रिटिश अभिनेत्री मार्गारेट रदरफोर्ड यांच्याविषयी एक मजकूर वरचेवर पुढे पाठवला जातो. त्याचा आशय असा, की आयुष्यभर पियानो शिकवणाऱ्या या बाईंना सत्तरीच्या उंबरठ्यावर रहस्यकथांमधील वृद्ध हौशी गुप्तहेर मिस मार्पलची भूमिका मिळाली, त्यात त्यांनी स्वतःचाच विक्षिप्त स्वभाव पडद्यावर मांडला आणि मार्पलच्या लेखिका अगाथा ख्रिस्ती यांना त्या मुळीच पसंत नव्हत्या.

पियानोच्या शिकवण्या खऱ्या आहेत. परंतु लंडनच्या ओल्ड विक नाट्यगृहात त्या 1925 मध्ये दाखल झाल्या तेव्हा त्यांचे वय 33 होते, आणि मार्पलचा पहिला चित्रपट आला 1961 मध्ये. मधली 36 वर्षे या मजकुराने गिळून टाकली आहेत. ऑस्कर वाइल्डच्या नाटकातील शिक्षिका मिस प्रिझम त्यांनी 1939 मध्ये अभिनेते जॉन गिलगुड यांच्यासोबत रंगमंचावर आणि 1952 मध्ये पडद्यावर साकारली. 1940 मध्ये 'रिबेका' या कादंबरीच्या नाट्यरूपात त्या मिसेस डॅन्व्हर्स होत्या. आणि त्या थंड, कपटी कारभारणीत हसण्यासारखे काहीही नाही.

'स्वतःचाच स्वभाव' हा आक्षेप अधिक गंभीर आहे, कारण तो कौतुकाच्या वेषात येतो. नोएल कॉवर्ड यांच्या 'ब्लाइथ स्पिरिट' या नाटकातील मादाम आर्काती 1941 मध्ये त्यांनी रंगमंचावर आणि 1945 मध्ये डेव्हिड लीन यांच्या चित्रपटात उभी केली. सायकलवरून येणारी ही प्रेतात्म्यांची माध्यम सहज थट्टेचा विषय झाली असती. रदरफोर्ड मात्र तिला आपल्या विद्येवर पूर्ण निष्ठा असलेली व्यावसायिक म्हणून रंगवतात. यजमान लेखकाने केवळ पुस्तकासाठी सामग्री मिळावी म्हणून आपल्याला बोलावले होते, हे कळताच ती जी दुखावते, ते दुखावणे अस्सल आहे. प्रेक्षक हसतो तो त्यामुळेच. चेहऱ्यावरच्या गांभीर्याला तसूभरही तडा न जाऊ देता हशा मिळवणे, याला कसब म्हणतात. (हनुवटीच्या हालचालींवर त्यांची हुकमत होती, पण तिचेच गोडवे गाणाऱ्यांनी या अभिनेत्रीवर थोडा अन्यायच केला आहे.)

ख्रिस्तींच्या नाराजीत तथ्य आहे, पण तिचा रोख मुख्यतः पटकथांवर होता. चारपैकी दोन चित्रपट मुळात ख्रिस्तींच्या दुसऱ्या गुप्तहेराच्या, प्वारोच्या, कादंबऱ्यांवरून घेतलेले होते, तर एक त्यांच्या कोणत्याही कथेवर आधारलेला नव्हता. रदरफोर्ड यांची अंगकाठी पुस्तकातल्या मार्पलशी जुळत नव्हती, हेही मान्य. तरीही 1962 मध्ये ख्रिस्तींनी मार्पलचीच एक कादंबरी रदरफोर्ड यांना आदरपूर्वक अर्पण केली.

ऑस्करही त्यांना मार्पलसाठी मिळालेले नाही. ते मिळाले 1963 च्या 'द व्ही.आय.पी.ज्'मधील, विमानतळावर अडकलेल्या, पैशांची चणचण असलेल्या डचेसच्या भूमिकेसाठी. पुढे दिग्दर्शक ऑर्सन वेल्स यांनी शेक्सपिअरच्या नाटकांवर बेतलेल्या आपल्या चित्रपटात त्यांना खाणावळवाली मिस्ट्रेस क्विक्ली केले. त्यातल्या फॉलस्टाफ या लठ्ठ, खुशालचेंडू सरदाराचा अंत कसा झाला, हे तिथे त्याच सांगतात.